अठरा कमी, मग तीन कमी

ताई सातवीला गणित शिकवते. आत्या चाळीसगावच्या एका हायस्कुलात गणितच शिकवून निवृत्त झाली. त्यामुळे आमच्या घरी वाद पेटायला राजकारण लागत नाही, एक समीकरण पुरतं. या वेळी ते होतं ३क्ष + ७ = ४०. चाचणीत प्रश्न असा होता: 'एका संख्येच्या तिपटीत ७ मिळवले तर ४० येतात. ती संख्या काढा. (३ गुण)'. एका मुलाने खाली तीन ओळी लिहिल्या होत्या:

५ घेतले. १५ + ७ = २२. कमी.
१० घेतले. ३० + ७ = ३७. थोडे कमी.
११ घेतले. ३३ + ७ = ४०. बरोबर.

ताईने त्याला एक गुण दिला होता, आणि तपासलेला गठ्ठा आत्याच्या हाती लागला. मी दोघींच्या मधे बसलो होतो. माझं गणित दोघींना माहीत असल्यामुळे माझं मत कोणी विचारलं नाही.

आत्या : एकच गुण? उत्तर बरोबर आहे की गं.

ताई : उत्तराचाच दिलाय. समीकरण मांडल्याचा एक असतो, सोडवल्याचा एक असतो. यानं मांडलंही नाही आणि सोडवलंही नाही. चाचपडत गेला, सापडलं.

आत्या : मग या तीन ओळी कशाच्या?

ताई : कच्च्या कामाच्या. मला हवं होतं ते सरळ आहे. दोन्ही बाजूंतून ७ वजा करा, ३क्ष = ३३. दोन्ही बाजूंना ३ ने भागा, क्ष = ११. दोन पायऱ्या. संख्या कितीही मोठी असू दे, दोनच. ४० च्या जागी ४,००,००० असते तर हा काय करणार होता? पाचापासून सुरुवात?

आत्या : पाचानंतर त्याने सहा घेतलाय का? थेट दहावर गेलाय. दहानंतर मात्र पंधरावर गेला नाही, अकरावर गेला. चार लाख असते तर लाखापासून सुरू झाला असता. लाखाला ३,००,००७ येतात. ९९,९९३ कमी पडले. ते तिनाने भागले की ३३,३३१. ते लाखात घाल. १,३३,३३१. दुसऱ्या खेपेला उत्तर.

ताई : 'तिनाने भागले की'! म्हणजे शेवटी माझ्याच पायरीवर आलीस.

आत्या : आले. पण ती पायरी मला कोणी सांगितली नव्हती, लाख टाकून पाहिल्यावर दिसली. संख्या एकाने वाढवली की उत्तर तिनाने वाढतं, हे टाकून पाहणाऱ्याला हाताला लागतं. तुझ्या रीतीत ३ हा नुसता भागायचा आकडा असतो.

ताई : आम्हाला बी.एड.ला थॉर्नडाइकचं मांजर होतं, आठवतं? १८९८ मधलं. उपाशी मांजर पिंजऱ्यात कोंडायचं, खाणं बाहेर ठेवायचं. ते ओरबाडतं, गज चावतं, कधीतरी पंजा खटक्यावर पडतो आणि दार उघडतं. पुन्हा पुन्हा कोंडलं की वेळ कमी लागत जातो. प्रयत्न-प्रमाद. दार का उघडलं हे कळायची मांजराला गरजच पडत नाही. मला वर्गात चाळीस मांजरं नकोत.

आत्या : पंजा चुकीच्या जागी पडला की खटका किती लांब राहिला हे मांजराला कोण सांगतं? कोणीच नाही. या पोराला प्रत्येक चुकीने सांगितलंय. पाचाने सांगितलं, अठरा कमी. दहाने सांगितलं, तीन कमी. चूक कोणत्या बाजूला झाली आणि केवढी झाली, दोन्ही कळलं. असं कळल्यावर त्याला प्रमाद कशाला म्हणायचं?

ताई : त्याने 'अठरा कमी' लिहिलेलं नाही. 'कमी' लिहिलंय.

आत्या : दुसऱ्या ओळीत 'थोडे कमी' लिहिलंय. ते थोडे किती, हे त्याला ठाऊक होतं. नाहीतर नेमका अकरावर कसा गेला? आकडा लिहायचं सुचलं नाही, एवढंच. ते शिकवायचं काम तुझं.

(इथे ताई गप्प झाली नाही, पण तिने चहाचा कप खाली ठेवला. आमच्याकडे त्याचा अर्थ एक मुद्दा गेला असा होतो.)

आत्या : आणि टाकून पाहणं एवढं हलकं असतं तर भास्कराचार्यांनी लीलावतीत त्याला जागा दिली नसती. पाटण इथून किती लांब आहे? त्यांच्या नातवाने, चांगदेवाने, त्यांचे ग्रंथ शिकवायला मठ काढला, त्याचा १२०७ मधला शिलालेख तिथे आहे. आपण पाटणादेवीला जातो, ओटी भरतो आणि धबधबा बघून परत येतो.

ताई : इष्टकर्म म्हणायचंय ना तुला?

आत्या : इष्टकर्मच. कमळांचा हिशेब आठव. एका राशीतली तिसरा हिस्सा कमळं शंकराला, पाचवा विष्णूला, सहावा सूर्याला, चौथा देवीला वाहिली. उरलेली सहा गुरूंच्या पायाशी. एकूण किती? मी ६० धरते, कारण साठाचे हे चारही हिस्से सुटे पडतात. वीस, बारा, दहा, पंधरा. झाले सत्तावन्न. उरली तीन. हवी होती सहा, म्हणजे दुप्पट. मग साठही दुप्पट कर. १२०. कुठे क्ष आला का मधे? इष्ट म्हणजे आपल्या मनाला येईल ती संख्या, आणि ती चुकीचीच असणार हे धरूनच रीत बांधलीय. इजिप्तमध्ये अहमोस नावाच्या लेखनिकाने साडेतीन हजार वर्षांपूर्वी पपायरसवर हेच केलंय. एक राशी आणि तिचा सातवा हिस्सा मिळून १९. त्याने ७ धरले. आले ८. मग ८ चे १९ व्हायला जितकी पट लागते, तितकी पट सातांची केली. १६ पूर्णांक ५ अष्टमांश.

ताई : छान. आता तेच इष्टकर्म माझ्या प्रश्नाला लाव. पाच धर. आले २२, हवे ४०. पाचाला ४० ने गुण, २२ ने भाग. नऊ आणि वर एक अकरांश. त्याची तिप्पट करून सात मिळव, चौतीसच्या थोडं वर येतं. चुकलं. का चुकलं, तूच सांग.

आत्या : तो सात.

ताई : तो सात. कमळांत सगळे हिस्सेच होते, राशी दुप्पट केली की उरलेली कमळंही दुप्पट. माझ्या प्रश्नात सुटा सात आहे. संख्या दुप्पट केली तरी तो सातच राहतो. म्हणून पट काढून भागत नाही. म्हणजे कुठलं गणित इष्टकर्माचं आणि कुठलं नाही हे आधी ओळखावं लागतं, आणि ते ओळखायला समीकरणच मांडावं लागतं.

(आत्याच्या चेहऱ्यावर इथे पराभव दिसेल असं मला वाटलं होतं. ती खूश झाली. शिक्षकांचं हे असं असतं.)

आत्या : बरोबर पकडलंस. म्हणून एका चुकीने भागत नाही, दोन चुका लागतात. आणि या पोराने किती केल्या? दोन. चीनच्या 'नऊ अध्याय' नावाच्या जुन्या गणितग्रंथात सातवा अध्याय या दोन चुकांवरच आहे, जास्तीचा आणि कमीचा. अरबांकडे हीच रीत होती, त्यांच्याकडून ती फिबोनाचीने उचलली, १२०२ च्या पुस्तकात तिच्यासाठी आख्खं प्रकरण घातलं. पाचाला अठरा कमी, दहाला तीन कमी. आता तिरके गुणाकार कर. दहा गुणिले अठरा, १८०. पाच गुणिले तीन, १५. वजाबाकी १६५. चुकांची वजाबाकी, अठरा उणे तीन, १५. भाग. अकरा.

ताई : हे सातवीच्या मुलांना शिकवू मी? माझ्या दोन पायऱ्यांपेक्षा अवघड आहे हे! पाठ करतील आणि महिन्यात विसरतील.

आत्या : सूत्र नको शिकवूस. एवढंच विचार, की पाचावरून दहावर आलो तर कमतरता अठरावरून तीनवर आली, पाच पावलांत पंधरा भरून निघाले, मग उरलेल्या तिनाला किती पावलं? हे सूत्राशिवाय कळतं. याला कळलंय.

ताई : याला कळलं कारण उत्तर पूर्ण संख्येत होतं. ४० ऐवजी ४१ देते. अकराला ४०, बाराला ४३. मधे काहीच नाही. माझ्या वर्गातली निम्मी मुलं 'उत्तर नाही' असं लिहून मोकळी होतील.

आत्या : ती मुलं थांबली, रीत थांबली नाही. अकरा ते बारा या एका पावलात तीन वाढतात. मला त्यातला एकच हवाय. पावलाचा तिसरा हिस्सा. अकरा पूर्णांक एक तृतीयांश.

ताई : अपूर्णांक असा मधे उभा असतो, हे त्यांना माहीत असेल तर.

आत्या : मग हाच प्रश्न घालून माहीत करून दे.

ताई : आत्या, पण एक सांग. लीलावतीत इष्टकर्म देणाऱ्या माणसालाच पुढे बीजगणित लिहावं लागलं. अव्यक्त राशीला यावत्तावत् म्हणा, दुसरी अव्यक्त राशी असेल तर तिला काळा, निळा असे रंग द्या, दोन बाजू समान करा. कशाला हा सगळा खटाटोप, टाकून पाहून भागत होतं तर? आणि त्याच ग्रंथातलं ६१ चं उदाहरण घे. ६१ ला एखाद्या संख्येच्या वर्गाने गुणायचं, १ मिळवायचा, आणि येणारी संख्याही पूर्ण वर्गच हवी. बस टाकत. १, २, ३... सगळ्यात लहान उत्तर २२,६१,५३,९८० आहे. दुसरी संख्या १,७६,६३,१९,०४९. एवढ्या संख्या टाकून बघायला जन्म पुरेल? फर्माने १६५७ मध्ये हेच कोडं युरोपातल्या गणितींना घातलं होतं, तेव्हा आपल्याकडे त्याचं उत्तर पाचशे वर्षं लिहून ठेवलेलं होतं. ते रीतीने मिळालं.

आत्या : ती रीत सुरू कशी होते, ते सांग ना. चक्रवाळ. एक घेऊन. ६१ ला एकाच्या वर्गाने गुणलं, ६१. जवळचा वर्ग ६४, आठाचा. तीन जास्त. ही पहिली चूक, आणि ती लिहून ठेवायची. मग या तिनाच्या आधारानं पुढची संख्या निवडायची. येतो ५. त्याचा वर्ग २५, ६१ पंचवीस १,५२५. जवळचा वर्ग १,५२१, एकोणचाळीसचा. आता चार कमी. आणि चूक चारावर आली की ब्रह्मगुप्ताची युक्ती लागू पडते, तिथून तुझ्या त्या कोटीच्या संख्येपर्यंत गुणाकारांचंच काम उरतं. तीन जास्त, चार कमी. या पोराच्या वहीत दुसरं काय आहे?

ताई : पुढची संख्या कशी निवडायची याचा तिथे नियम आहे. भागाकार नि:शेष जायला हवा, फरक लहानात लहान हवा. मनाला येईल ते घेतलेलं नाही.

आत्या : मी मनाला येईल ते घ्या असं कधी म्हटलं? पहिली संख्या मनाची. दुसरीपासून चूक सांगेल ती.

ताई : ठीक. तरी माझी मुख्य अडचण राहतेच. टाकून पाहणारा सापडलं की थांबतो. क्ष² + ६ = ५क्ष देते. एक टाकला, सात आणि पाच, नाही जमलं. दोन टाकला, दहा आणि दहा. टाळ्या, उत्तरपत्रिका बंद. तीनही चालतो, पंधरा आणि पंधरा, हे त्याला कोण सांगणार? 'हे उत्तर आहे' आणि 'एवढंच उत्तर आहे' ही दोन वेगळी विधानं आहेत. माझ्या पायऱ्या दुसरं विधानही देतात. क्ष असेल तर तो अकराच असला पाहिजे, अशा त्या चालतात.

(आत्या थोडा वेळ काही बोलली नाही. माझ्या मते संध्याकाळभरातला हा सर्वांत वजनदार मुद्दा होता.)

आत्या : हे मान्य. अगदी मान्य. पण ३क्ष + ७ मध्ये याचं उत्तर त्याच्याच ओळींत आहे. संख्या वाढली की बेरीज वाढतेच, कधी खाली येत नाही. अकराला ४० झाले, म्हणजे त्याच्या पुढे ४० पेक्षा जास्त आणि मागे कमी. दुसरं उत्तर असूच शकत नाही. एवढं एक वाक्य त्याने लिहिलं असतं तर तुला बोलायला जागा राहिली नसती.

ताई : लिहिलेलं नाही.

आत्या : आणि तुझी पायऱ्यावाली मुलं लिहितात? क्ष² = ५क्ष दिलं की दोन्ही बाजूंना क्षने भागतात, क्ष = ५ म्हणतात, शून्य गेला वाऱ्यावर. पायऱ्यांनीही उत्तरं हरवतात. याच गठ्ठ्यात बघ, हा पेपर. ३क्ष = ४० + ७. पद पलीकडे गेलं की चिन्ह बदलतं हे पाठ केलेलं, आणि ऐन वेळी बदलायचं राहिलं. (महाराष्ट्रात हे वाक्य गणिताच्या तासाबाहेरही कळतं.) क्ष = ४७ छेद ३. खाली दोन रेघा मारून मोकळा. पंधराची तिप्पटच पंचेचाळीस होते, ती चाळीसच्या पुढे गेली, हे बघायला थांबला नाही. याला किती दिलेस?

ताई : एक. मांडणीचा.

आत्या : म्हणजे ज्याचं उत्तर चुकलं आणि ज्याने ताळा केला नाही त्यालाही एक, आणि ज्याची प्रत्येक ओळच ताळा आहे त्यालाही एक.

ताई : पायऱ्यांना गुण असतात, आत्या. तुझ्या काळीही होते.

आत्या : होते, आणि मीही कापले असतील, पोत्याने. आता आणखी एक. तुझ्या पायऱ्या कुठपर्यंत पोचतात? १८२४ मध्ये आबेलने दाखवून दिलं की पाचव्या घाताच्या सगळ्या समीकरणांना पुरेल असं मुळांचं सूत्र निघूच शकत नाही. क्ष⁵ − क्ष − १ = ० घे. एकाला उणे १ येतो, दोनाला २९. म्हणजे मधे कुठेतरी शून्य आहे. १.१ ला उणे, १.२ ला अधिक. मग त्यांच्या मधे. असं करत १.१६७३ पर्यंत येतेस. मोठमोठे गणिती इथे टाकूनच बघतात.

ताई : ते मूळ आहे हे आधी माहीत असतं, दर फेरीला पल्ला किती कमी होतो हे माहीत असतं. ती पद्धत आहे.

आत्या : तेच म्हणतेय मी मघापासून! आणि गणितींकडे कशाला जायचं, बँकेत जा. कर्ज किती, हप्ता किती, महिने किती हे माहीत आहे, व्याजदर काढायचाय. त्याला सरळ सूत्र नाही. एक्सेलमध्ये त्यासाठी जे फंक्शन आहे, त्यात अंदाज टाकायची जागा ठेवलेली असते. रिकामी सोडलीस तर ते आपणहून दहा टक्के धरतं आणि चूक बघत बघत पुढे सरकतं. त्याला कोणी एक गुण देत नाही.

ताई : आणि शिष्यवृत्तीच्या परीक्षेला आम्हीच सांगतो, चारही पर्याय टाकून बघा. हे तू बोलायच्या आत मीच बोलते.

आत्या : ते मला आवडत नाही.

ताई : का? तेही टाकून बघणंच.

आत्या : तिथे चुकलेल्या पर्यायाकडे कोणी वळून बघत नाही. किती चुकला याची गरजच नसते, पुढचा टाकायचा. तुझं मांजर तिथे आहे.

यावर दोघींचं एकमत झालं, आणि आमच्या घरात एकमत झालं की स्वयंपाकाची वेळ झालेली असते. उठण्याआधी ताईने सोडवण्याचा गुण मुलाला दिला. एकाचे दोन झाले. मांडणीचा मात्र दिला नाही. अज्ञाताला अक्षर देऊन वाक्याचं समीकरण करणं हेच सातवीत शिकायचं असतं, ते त्याने केलं नाही, असं तिचं म्हणणं. आत्याचं म्हणणं, 'तिप्पट करून सात मिळवायचे' हे कळल्याशिवाय १५ + ७ लिहिताच येत नाही, त्यामुळे मांडणी झालेली आहे, फक्त क्षविना.

मला विचारलं असतं तर मी तीनपैकी तीन दिले असते. प्रश्नात 'संख्या काढा' असं छापलं होतं, त्याने काढली, आणि कशी काढली तेही दाखवलं. विशिष्ट रीत हवी असेल तर ती प्रश्नात मागावी. उत्तरपत्रिका तपासताना मागू नये.

पुढच्या चाचणीचा प्रश्न ताईने त्याच रात्री लिहून काढला: 'एका संख्येच्या तिपटीत ७ मिळवले तर ४१ येतात. समीकरण मांडा, कोणत्याही रीतीने सोडवा, ताळा करा आणि दुसरे उत्तर का असू शकत नाही ते एका वाक्यात लिहा.' त्याला चार गुण आहेत.